सवाष्ण हडळ

माणसं घाबरत नाहीत, ही सहदेव तिरोडकराची आयुष्यभराची तक्रार होती. घाबरायला काय लागतं? तोंड उघडायचं आणि किंकाळी फोडायची. पण नाही! १९६३ पासून पुढच्या आठ वर्षांत त्याने भुताचे तीन सिनेमे काढले, आणि तिन्ही वेळा तंबूत बसलेली जनता पोट धरून हसली. "लोकांना हसवायला बाकीच्यांना घाम फुटतो," तो बायकोला म्हणे, "आणि मी जीव तोडून यांना घाबरवायला जातो, तर हे खदाखदा हसतात."

वनमाला शिवणाच्या मशीनवरून मान वर न करता म्हणे, "मग विनोदीच काढा ना."

या एका वाक्यापायी त्याने तिच्याशी किती वेळा अबोला धरला असेल, त्याला गणती नाही.

अंधेरीच्या बाजाराच्या तोंडाशी सहदेवचा फोटो स्टुडिओ होता. नवरानवरी, बारशाची पोरं, मॅट्रिकच्या फॉर्मवरचे घाबरलेले चेहरे. वडील कोकणातून येऊन परळच्या गिरणीत राबले आणि पोराने मात्र गिरणी सोडून फोटोचं खूळ घेतलं, म्हणून मरेपर्यंत धुसफुसत राहिले. बातमीपटांचं काम करणाऱ्या एका म्हाताऱ्याने निवृत्त होताना आपला चावीचा छोटा मूव्ही कॅमेरा सहदेवला विकला, तिथून पुढचं सगळं रामायण. त्या कॅमेऱ्याला घड्याळासारखी चावी द्यायची आणि एका चावीत जेमतेम पंचवीस सेकंद फिल्म फिरायची. म्हणजे भुताने यायचं, बघायचं, घाबरवायचं आणि जायचं, सगळं पंचवीस सेकंदांत. एखादं भूत रेंगाळलं की कॅमेरा खर्रकन थांबे आणि सहदेव कपाळावर हात मारून घेई.

पण कॅमेरा परवडला, माणसं नको, अशी त्याची मंडळी होती. सगळे वडिलांच्या गावचे. दिवसा कुठे कुठे नोकऱ्या करणारे, रजा टाकून आलेले. त्यांचा म्होरक्या दत्ताराम. चांदीचा कागद चिकटवलेले पुठ्ठे धरून उजेड पाडणं, तोंडाला पीठ फासणं, जेवण रांधणं, सगळं दत्तारामकडे. हुशार माणूस, कामाला वाघ. फक्त एकच अडचण होती. ही सगळी मंडळी भुतांना भयंकर भीत.

वेसाव्याच्या किनाऱ्यावर एका पडीक बंगल्यात पहिल्या सिनेमाचं काम सुरू झालं. सूर्य कलला तसे दत्तारामने पुठ्ठे गोळा करायला घेतले.

"सायबानू, दिवेलागण झाली. आता हय कोण थांबूचो नाय."

"अरे, भुताचा सिनेमा आहे!" सहदेव ओरडला. "रात्री नाही काढायचा तर काय भर दुपारी बारा वाजता काढायचा?"

"बारा पण नको," दत्ताराम गंभीरपणे म्हणाला. "बाराचो टाइम वायट. साडेबारा चलात."

तेव्हा सहदेव तिरोडकराचे भुताचे सगळे सिनेमे सकाळी आठ ते साडेअकरा आणि दुपारी साडेबारा ते पाच या वेळात निघालेले आहेत. भिंगाचं तोंड बारीक करून तो उन्हाची रात्र करी. ती रात्र पडद्यावर ढगाळ दुपारसारखी दिसे, ही गोष्ट वेगळी. त्यात रोज सकाळी काम सुरू करण्याआधी दत्ताराम नारळ घेऊन जागेच्या राखणदाराला गाऱ्हाणं घाली. "बा देवा म्हाराजा, ह्या आमच्या कामात काय वाकडानाकडा झाला असात तर..." आणि मागून पाच जण एका सुरात, "व्हय म्हाराजा!" अर्धा तास त्यातच जाई. गाऱ्हाणं इतकं अंगवळणी पडलं होतं, की पुढे आवाज भरण्याच्या वेळी सिनेमातल्या मांत्रिकाने "बा देवा" एवढं उच्चारायचा अवकाश, मागे उभ्या पाच जणांनी खणखणीत "व्हय म्हाराजा" ठोकून दिलं. ते तसंच रिळावर उतरलं. पुन्हा आवाज भरायची सोय नव्हती. हडळीला बाटलीत कोंडणारा तो एकटा मांत्रिक, मागे अख्खी पंगत असल्यासारखा बोलतो.

रक्तासाठी कोकमाचं आगळ वापरायचे. पडद्यावर ते रक्तासारखं काळंभोर दिसे, हे खरं. पण खून झालेला माणूस कॅमेरा चालू असताना ओठ चाटतो, हे सहदेवला रिळं धुऊन आल्यावर समजलं. उरलेल्या आगळाची दत्तारामने सोलकढी केली होती. ती सहदेवही प्यायला, रागारागाने.

आणि हडळीचं काम करायला ठरवलेली नाटकातली बाई पहिल्याच दिवशी पळाली. तिने बंगला पाहिला, मेकअपच्या डब्यातला खेकडा पाहिला, आणि तडक स्टेशन गाठलं. सहदेव डोकं धरून पायरीवर बसला होता, तेवढ्यात किनाऱ्याकडून एक आवाज आला. आवाज कसला, नुसती गर्जना. पुठ्ठा धरलेल्या दोघांनी पुठ्ठे खाली टाकले.

वाळत घातलेल्या बोंबलांवर मंडळींनी फळ्या टाकल्या होत्या, म्हणून एक कोळीण भांडायला आली होती. उंचीला दत्तारामच्या वरताण, नुकतीच न्हालेली, गुडघ्यापर्यंत केस मोकळे, काखेत रिकामी पाटी. तिचं नाव सगुणा. नवरा धर्मा, स्वतःच्या होडीचा नाखवा. सगुणा रोज सकाळी अंधेरीच्या बाजारात मासळी विकायची आणि तिच्याशी भाव करायची कोणाची टाप नव्हती. ती पाच मिनिटं शिव्या देत होती, आणि सहदेव तिच्याकडे देवदर्शन झाल्यासारखा बघत होता.

"बाई," तो म्हणाला, "सिनेमात काम करशील?"

बोंबलांची भरपाई आणि वर रोजचे पैसे, एवढ्यावर ती तयार झाली. म्हणजे झाली असं सहदेवला वाटलं. कॅमेऱ्यासमोर उभी राहायच्या वेळी तिने अटी घातल्या.

"माजा नाखवा दर्यान हाय. तो दर्यान असताना मी कपाल मोकला करनार नाय. बांगड्या काढनार नाय. पांढरा नेसनार नाय. बाकी काय पन सांग."

"अगं, पण हडळीला कुंकू कशाला?"

"का? तिला नवरा नसल?"

पांढऱ्या लुगड्याचं त्याने कसंबसं निभावलं. पिवळं लुगडं पडद्यावर पांढरटच दिसतं, ते तिला नेसवलं. पण कपाळावरचं ठसठशीत कुंकू आणि दोन्ही हातांत कोपरापर्यंत बांगड्या, त्यांचं काय करणार? सहदेवने विनवलं, समजावलं, आदळआपट केली. सगुणा ढिम्म. तिच्या आईने केलं नाही, सासूने केलं नाही, वेसाव्यातली कुठलीच बाई करणार नाही. नवरा समुद्रात असताना बाईने मोकळं कपाळ घेऊन उभं राहायचं, ते पण खोटं खोटं? दर्याला खरंखोटं कळत नाही, असं तिचं म्हणणं.

'अवसेची पाहुणी' मुलुंडच्या मैदानात तंबू ठोकून लागला. सहदेव मागच्या खांबाला टेकून उभा होता, हातात रुमाल. त्याला एवढंच हवं होतं: एक किंकाळी. एकाने जरी मनापासून फोडली, तरी गिरणी सोडल्याचं सार्थक झालं असतं. दार करकरलं. हडळ आली. मोकळे केस, वटारलेले डोळे, आणि मधोमध कुंकू.

"या या!" पुढच्या रांगेतून एक बाई ओरडली. "वाण आणलंत का?"

अख्खा तंबू हसला. पुढे हडळ दिसली की बायका एकमेकींना हळदीकुंकू लावल्याचा अभिनय करत. सिनेमा तीन आठवडे चालला. इतकं चाललेलं बघून कोणीही खूश झालं असतं. सहदेव घरी येऊन भिंतीकडे तोंड करून झोपला.

दुसऱ्या सिनेमाच्या वेळी मात्र त्याने डाव टाकला. फोटोचा धंदा करणाऱ्याला एक गोष्ट माहीत असते: भिंगावर लाल काच लावली की काळ्या-पांढऱ्या फिल्मवर लाल रंग उडतो. कुंकू कपाळात मिसळून जातं. सहदेवने लाल काच लावली आणि सगुणाला काही सांगितलं नाही. ती आपली रोजच्यासारखी कुंकू लावून उभी राहिली, डोळे वटारले, घरी गेली.

रीळ धुऊन आलं. लॅबमध्ये एक माणूस होता, वीस वर्षं रोज रिळं पाहून मेलेल्या डोळ्यांचा. चहा पीत पोऱ्याकडून मशीन चालवून घ्यायचा, पडद्याकडे बघायचासुद्धा नाही. त्या दिवशी त्याची नजर सहज वर गेली आणि चहाचा कप तोंडाशीच राहिला. आभाळ काळंकुट्ट. चेहरा पिठासारखा पांढरा, ओठ नसल्यासारखे, आणि ते सताड मोकळं कपाळ. तो माणूस खुर्चीसकट मागे सरकला. "काढ रे ते," तो म्हणाला. "काढ आधी."

आयुष्यात कोणी पहिल्यांदा सहदेवच्या सिनेमाला घाबरलं होतं. तो त्या दिवशी वनमालासाठी गजरा घेऊन घरी गेला. तिला वाटलं, काहीतरी बिघडलं.

बिघडवलं ते दत्तारामने. त्याला ती करामत इतकी आवडली, की बाजारात सुरमई घेताना त्याने सगुणालाच कौतुकाने सांगितली. "सगुणाबाय, काय दिसतास तू! कपाळार टिकली म्हणून नाय!"

आणि नेमकी त्याच आठवड्यात धर्माची होडी दोन दिवस उशिरा आली.

सगुणा स्टुडिओत शिरली तेव्हा सहदेव एका नवरीचा फोटो काढत होता. सगुणाने त्याला काळ्या कापडातून गचांडी धरून बाहेर ओढलं. नवरी रडायला लागली. "दोन दीस मी किनाऱ्यावर उबी व्हते!" सगुणा म्हणाली. तिचा आवाज या वेळी मोठा नव्हता, आणि त्यानेच सहदेव गार पडला. "दोन दीस. कुठं हाय ता तुकडा?"

त्याने खूप सांगून पाहिलं. होडीच्या उशिराचा आणि काचेचा काय संबंध? तेरा सेकंदांचा तुकडा, बाई, माझ्या जन्माची कमाई आहे ती! पण ती हात पुढे करून उभीच राहिली. शेवटी त्याने मूळ फिल्म आणि तिची प्रत, दोन्हींतून तो तुकडा कात्रीने कापला. तिने तो वनमालाच्या शेगडीत टाकला. घाणेरडा वास सुटला आणि तीन दिवस घरात राहिला. दुसऱ्या दिवशी दत्तारामच्या गाऱ्हाण्याला सहदेवने नारळावर हात ठेवून कबूल केलं, की सगुणाचं कुंकू तो कधी झाकणार नाही, पुसणार नाही, उडवणार नाही. "व्हय म्हाराजा," पाच जण म्हणाले, आणि या वेळी दत्तारामही, सगळ्यांत मोठ्याने.

तिसऱ्या सिनेमात तिने मुद्दाम रुपयाएवढं कुंकू लावलं. बोरीवलीला, जंगलाच्या कडेला, भर उन्हात, झाडामागून ते कुंकू आधी येई आणि मागून हडळ. तंबू हसून हसून आडवा झाला. सहदेव मागच्या खांबाशी उभा राहून बायकांच्या टाळ्या मोजत होता आणि दात खात होता.

मग रंगीत सिनेमे सगळीकडे झाले. तंबूवाल्या शेठने साफ सांगितलं, काळं-पांढरं आता कोणी बघत नाही. रंगीत फिल्म मी देतो, पण आधी मला एक शॉट काढून आण. एकच. बघून मी टरकलो, तर सगळा सिनेमा देतो. "आणि ती हळदीकुंकवाची बाई नको हां, सहदेवभाई."

रंगीत फिल्मवर लाल काच चालत नाही. सगळंच लाल दिसतं. सहदेवने दुसऱ्या दोन बाया उभ्या करून पाहिल्या, पण त्या डोळे वटारत तेव्हा चकण्या दिसत. जळलेल्या तेरा सेकंदांतला तो चेहरा त्याच्या डोक्यातून जाईना. १९७५ च्या मेमध्ये तो बाजारात सगुणाच्या पाटीसमोर जाऊन बसला. वय पन्नाशीला आलं होतं. तिचेही केस पिकायला लागले होते.

"एकदाच," तो म्हणाला. "एक मिनिट पूस. शॉट झाला की परत लाव. हवं तर मी स्वतः लावून देतो."

"नारलावर हात ठेवलास ना रं?"

"बारा वर्षं!" सहदेवचा तोल सुटला. आजूबाजूच्या कोळणी बघायला लागल्या. "बारा वर्षं तुझ्या त्या टिकलीने माझी वाट लावली! लोक हसतात मला! एका मिनिटात काय तुझा नवरा बुडणार आहे?"

पाटीतला राहिलेला माल सगुणाने शेजारणीच्या पुढ्यात सरकवला, रिकामी पाटी डोक्यावर ठेवली आणि चालायला लागली. तिने उलटून एक शिवीसुद्धा दिली नाही.

पावसाळ्यासाठी होड्या किनाऱ्यावर ओढून ठेवायला आठच दिवस उरले होते. शेवटच्या फेरीला गेलेल्या होड्यांना वादळाने गाठलं. सगळ्या आल्या, धर्माची आली नाही. चार दिवसांनी तिची एक फळी मढच्या बाजूला लागली.

सहदेवला दत्तारामने सांगितलं. त्यानंतर सहदेवने बाजाराची वाट सोडली. मासळी घरात येईनाशी झाली. वनमालाने एकदा विचारलं, मग तिला कोणीतरी सांगितलं असावं, तिने पुन्हा विचारलं नाही. तो स्टुडिओत बसून बारशाची पोरं हसवायचा प्रयत्न करी आणि पोरं त्याच्याकडे बघून भोकाड पसरत.

नारळी पुनवेनंतर एका सकाळी सगुणा स्टुडिओच्या दारात उभी राहिली. पांढरं लुगडं. हात मोकळे. कपाळ मोकळं.

"चल," ती म्हणाली. "काढ तुजा शॉट."

सहदेव खुर्चीतून उठला. दत्ताराम मागे पुठ्ठे पुसत होता, तो पुसायचा थांबला.

"बगतस काय? बारा वरसा माजे मागं लागलास. आता कोनासाठी नाय म्हनू? काढ."

स्टुडिओमागच्या अंगणात ती भिंतीला पाठ लावून उभी राहिली. दत्तारामने पुठ्ठा धरला. गाऱ्हाणं घालायचं कोणाला सुचलं नाही. शेठची रंगीत फिल्म भरलेलीच होती. सहदेवने चावी दिली आणि कॅमेऱ्याला डोळा लावला.

समोर तोच चेहरा होता. जळून गेलेला, रोज आठवणारा, लॅबवाल्याला खुर्चीसकट मागे ढकलणारा. तिला डोळे वटारायचीही गरज नव्हती. असा शॉट शेठने पाहिला असता तर त्याच्या हातातलं पान गळून पडलं असतं. बटणावर सहदेवचं बोट होतं. ते दाबायला एक निमिष पुरे होतं.

त्याने डोळा काढला.

"उजेड गेला," तो म्हणाला.

डोक्यावर लख्ख ऊन होतं. दत्ताराम ऊन बघून पुठ्ठ्याकडे बघायला लागला.

"आंदला झालास?" सगुणा म्हणाली.

"गेला म्हटलं ना! मला शिकवू नकोस उजेड!" तो खेकसला. "जा घरी. एक धड दिवस मिळत नाही मला काम करायला. सगळे जीवावर उठलेत."

ती गेली नाही. भिंतीला टेकून खाली बसली. मग ती म्हणाली, "मी माजा शिनेमा कंदी बगला नाय. नाखवा बगून आलेला, मुलुंडला. घरा येऊन लई हसला. मना बाजार असायचा. दाखव."

सहदेवने अंधाऱ्या खोलीत प्रोजेक्टर लावला. भिंतीवर तिसऱ्या सिनेमाचं शेवटचं रीळ. बोरीवलीचं जंगल, ढगाळ दुपारसारखी रात्र, आणि झाडामागून रुपयाएवढं कुंकू आलं. त्यामागून सगुणा. कोपरापर्यंत बांगड्या, ताठ मान, बाजारात भाव सांगताना असते तशी नजर. सवयीने दत्तारामला हसू फुटलं आणि त्याने तोंडावर हात दाबला.

"हस रं," सगुणा म्हणाली. "हसण्यासारकीच हाय."

रीळ संपलं. पांढरी भिंत उरली. ती अजून भिंतीकडेच बघत होती. तिचा हात कपाळापाशी गेला होता आणि तिथेच थांबला होता.

"परत लाव," ती म्हणाली.

सहदेवने रीळ उलटं गुंडाळलं आणि परत लावलं. मग तिसऱ्यांदा लावलं. त्या दिवशी तो कुणावर ओरडला नाही.

शेठची रंगीत फिल्म त्याने कोरी परत केली आणि सहदेव तिरोडकराचा सिनेमाचा धंदा तिथे संपला. पण त्या सकाळी निघताना सगुणा दारात वळली होती.

"ह्यो तुकडा कापू नको हां," ती म्हणाली.

"नाही कापत," सहदेव म्हणाला.